महाराजांच्या न्याहारीचा डबा

मी एक जुना डबा आहे. जुना म्हणजे फडताळात मागे ढकललेला, झाकण न बसणारा, तसला नव्हे हं! माझं झाकण आजही टक् करून बसतं. क्योतो शहरात, राजवाड्यापासून हाकेच्या अंतरावर, तांदळाच्या उंड्यांचं एक दुकान आहे. तिथल्या काचेच्या कपाटात मी असतो. मित्रांनो, माझ्या पोटातून जपानच्या सम्राटांची न्याहारी जायची. ही बढाई नाही. बरं, थोडीशी आहे. पण आधी ऐका तरी.

माझा जन्म लढायांच्या धामधुमीत झाला. क्योतो तेव्हा निम्मं जळून गेलं होतं. एका जळक्या देवळाची धड राहिलेली तुळई सुताराला मिळाली. त्यानं तिच्यातून मला कापलं, एकही खिळा न मारता खाचेत खाच बसवून जोडलं आणि झाडाच्या चिकाचं काळं रोगण थरावर थर चढवलं. हे रोगण उन्हात वाळत नाही, त्याला दमट हवा लागते. त्यामुळे प्रत्येक थरानंतर मला अंधाऱ्या कोठीत बसून राहावं लागे. जीव अगदी कंटाळून जाई. पण अजून माझ्या अंगावर एक भेग नाही, ती त्या बसून राहण्यामुळेच.

मला विकत घेतलं कामे नावाच्या बाईनं. ती आणि तिचा नवरा जिनबेइ चिकट भाताचे उंडे विकायचे. भात उखळात घालून कुटायचा, त्याचा गोळा करायचा आणि वर शिजवलेल्या लाल कडधान्याचं पुरण थापायचं. पुरण गोड नव्हे, खारट. साखर तेव्हा डोळ्यांना दिसत नव्हती. कामे ठेंगणी, तोंडानं फटकळ आणि मनानं लोण्याची. एका सकाळी ती पाणी भरून आली ती बादली आपटतच.

"अहो, ऐकलंत का? महाराज कालपासून उपाशी आहेत म्हणे."

"कोण महाराज?"

"आपले! किती महाराज आहेत तुमच्या ओळखीचे?"

जिनबेइनं मुसळ थांबवलं. "अगं, ते सूर्यदेवीच्या वंशातले. ते काय आपले उंडे खाणार?"

"सूर्यदेवीच्या वंशाला पोट नसतं वाटतं!" असं म्हणून तिनं मला ओढलं, सहा उंडे भरले आणि निघाली. माझी नोकरी अशी सुरू झाली.

राजवाडा काय वर्णावा! भिंत मातीची, पावसानं ढासळलेली. तिला एवढं मोठं खिंडार पडलं होतं की गल्लीतली पोरं आत जाऊन अंगणात चिखलाचे लाडू करत बसायची. आम्हीही तिथूनच आत शिरलो. सम्राटांना गादीवर येऊन कितीतरी वर्षं झाली होती, पण राज्याभिषेक व्हायचा होता, कारण त्याला पैसा नव्हता. राज्य करायचे तलवारवाले सरदार. सम्राटांकडे उरली होती तीन कामं. पीक चांगलं यावं म्हणून देवांना हात जोडायचे, चालू काळाला शुभ नाव द्यायचं आणि सरदारांना पदव्या द्यायच्या. फावल्या वेळात ते सुंदर अक्षरात कविता लिहून देत, आणि लोक बांबूच्या पडद्याखालून काहीबाही दक्षिणा आत सरकवत.

गंमत म्हणजे, ज्याच्या पदरी हजारो घोडेस्वार असा आडदांड सरदारसुद्धा इथे येऊन कपाळ जमिनीला टेकवायचा. त्याला हवी असायची पदवी, आणि पदवी देणारं घर साऱ्या देशात एकच. त्या घरची चूल थंड असे, हे त्या सरदाराला ठाऊक नसे. मी ओसरीवर बसून हे पाहत असे आणि मला हसावं की रडावं ते कळत नसे.

ओसरीवर मला हातात घेणारे गृहस्थ म्हणजे कागेनाओ. दरबारचे म्हातारे मानकरी. झग्याला ठिगळं, पण ती इतक्या बेमालूम रंगाची की नक्षीच वाटावी. "महाराजांच्या ताटात विष नाही ना, हे पाहायला हवं," असं म्हणून ते आधी एक उंडा खायचे.

"सरकार, काल पण नव्हतं विष," कामे म्हणायची.

"आजचं आज पाहावं लागतं, कामेबाई," असं म्हणून ते दुसरा उचलायचे.

उरलेले पडद्याआड जायचे आणि मी रिकामा परत यायचो. मित्रांनो, रिकामं परत येण्यात डब्याला जेवढं सुख असतं तेवढं कशातच नाही. अशी वर्षामागून वर्षं गेली. पाऊस असो, बर्फ असो, आमचं खिंडार चुकलं नाही.

आणि मग एक चांगली गोष्ट घडली, तिनंच सगळा घोटाळा केला. पश्चिमेकडच्या एका सरदारानं राज्याभिषेकासाठी भरघोस देणगी पाठवली. शहरभर आनंदीआनंद झाला. अभिषेक व्हायचा तर वाडा आधी नीटनेटका नको का? गवंडी आले. कामेच्या सासरी श्राद्धाचं कार्य निघालं म्हणून ती चार दिवस गावाला गेली, आणि परत येऊन मला घेऊन निघाली तर समोर नवी कोरी भिंत! खिंडार गायब.

यात चूक म्हणावी तर कुणाचीच नव्हती. खिंडारातून महाराजांची न्याहारी येते, हे दरबारात कुणी कधी तोंडानं बोललंच नव्हतं. मग गवंड्याला कोण सांगणार?

कामे दक्षिणेच्या मोठ्या दरवाज्याशी गेली.

"हा महाराजांचा दरवाजा," पहारेकरी म्हणाला. "ते बाहेर निघाले तरच उघडतो."

"मग कधी निघतात ते?"

"निघत नाहीत."

पूर्वेच्या दरवाज्यातून फक्त सरदारांचे वकील जात. "तू कुणाची वकील?" तिथल्यानं विचारलं. "पोटाची," कामे म्हणाली. त्यानं भाला आडवा धरला.

शेवटी ती भटारखान्याच्या दाराशी आली. इथला पहारेकरी दिसायला भला होता. तो म्हणाला, "बाई, बाहेरचं अन्न इथून आत घेतलं, तर आत काही शिजत नाही असा अर्थ होतो."

"मग शिजतं का?"

त्यानं मागे वळून आत पाहिलं. "चूल आहे," तो म्हणाला.

त्या दिवशी मी भरलेला घरी परतलो. पहिल्यांदाच. लाज वाटली मला, खरं सांगतो. दुसऱ्या दिवशीही तेच. तिसऱ्या दिवशी जिनबेइ चिडून म्हणाला, "किती दिवस भिंतीला उंडे दाखवणार आहेस?"

"आत जाईपर्यंत," कामे म्हणाली, आणि बाहीनं डोळे पुसून पुन्हा निघाली. जिथे पूर्वी खिंडार होतं तिथेच भिंतीला टेकून बसली. थोड्या वेळानं भिंतीपलीकडून हळूच आवाज आला.

"कामेबाई? आज काय आणलंय?"

"रोजचंच, सरकार. कसे आहेत महाराज?"

"पेज पितात. तीही पातळ. काही बोलत नाहीत. पण सकाळी या भिंतीकडे बघत बसतात." मग कागेनाओ आणखी हळू म्हणाले, "मी पण बघतो."

"मग एक दार पाडा ना इथे! एवढीशी फट, डबा जाईल इतकी!"

"अहो, हळू! इथल्या प्रत्येक दाराला नाव लागतं आणि कारण लागतं. न्याहारीचं दार असं नाव दिलं, तर महाराज बाहेरचं खातात हे देशभर होईल. आणि पदवी देणाराच उपाशी आहे हे कळलं, तर पदवीला कोण विचारील? मग उरलं काय त्यांच्याकडे?"

 कामे फटकळ बाई, पण तिला ते पटलं. दार झालं तर मान जाणार, दार झालं नाही तर माणूस जाणार. ती बसल्या बसल्या मला घट्ट धरून राहिली. भिंतीपलीकडे म्हातारा खोकला आणि म्हणाला, "थांबा. मी आज त्यांनाच विचारतो. आजवर कुणी विचारलंच नाही."

दुसऱ्या दिवशी कागेनाओ भिंतीपलीकडे आले तेच हसत. सगळ्या मानकऱ्यांच्या बैठकीत पडद्याआडून महाराज बोलले होते. ते कधी बोलत नसत, त्यामुळे दोघातिघांना तो आवाज कुणाचा हेच कळेना. महाराज म्हणाले, "आपल्याकडे चंद्र बघायचा सोहळा आहे. फुलं बघायचा आहे. पहिलं बर्फ बघायचा आहे. मग सकाळी प्रजेच्या हातचं अन्न बघायचा सोहळा का नसावा? यंदा पीक कसं आहे, ते राजाला कळायला नको?"

मानकरी एकमेकांकडे बघू लागले. सैन्य महाराजांचं ऐकत नव्हतं. करवसुली करणारे ऐकत नव्हते. पण देवाधर्माचे सोहळे ठरवणं हा त्यांचाच अधिकार होता आणि त्याला नाही म्हणायची कुणाची छाती नव्हती. दोन दिवसांत भिंतीला दार पडलं. बेताचंच, पण कामे मान ताठ ठेवून आत जाईल एवढं.

आता पुढची सकाळ सांगण्याआधी नंतरचं सगळं उरकून घेतो. ते थोडं कंटाळवाणं आहे आणि मला शेवट त्याच्यावर करायचा नाही.

लढाया संपल्या, देशाला एक बळकट सेनापती मिळाला, राजवाड्याच्या कोठारात धान्य आलं. मी मात्र रोज त्या दारानं जातच राहिलो, कामेच्या लेकीच्या हातून, नातीच्या हातून, पिढ्यानपिढ्या. आता भूक कुणालाच नव्हती. माझं झाकण उघडायचं, पडद्याआडून बघणं व्हायचं, आणि मी भरलेला परत. सगळे माझ्यापुढे वाकायचे, माझ्यावर रेशमी आच्छादन आलं, पण आतला उंडा कुणी चाखायचं नाही. एवढा मान आणि इतका एकटेपणा! मग सम्राट पूर्वेला तोक्योला गेले आणि राजधानीही तिकडेच राहिली. क्योतोची म्हातारी माणसं बरीच वर्षं म्हणत, "गेलेत जरा बाहेर, येतील परत." मी धूळ खात पडलो. मधल्या काळात सम्राट म्हणजे प्रत्यक्ष देव, असंही सगळ्यांना शिकवलं गेलं. मी तर त्यांची न्याहारी वाहिलेली, मला ते कधी पटलं नाही. मोठ्या युद्धानंतर ठरलं की सम्राट म्हणजे देशाचं आणि लोकांच्या एकीचं प्रतीक. राज्य लोक चालवतील. दुकानातली गिऱ्हाईकं बोलतात ते माझ्या कानावर येतं. आता म्हणे सम्राट स्वतः गुडघ्यापर्यंत बूट घालून वाड्यातल्या खाचरात भाताची रोपं लावतात. ऐकून फार बरं वाटलं.

झालं. आता ती सकाळ.

कामेनं शेजारणीचा चांगला किमोनो मागून आणला होता. तो तिला लांब होत होता, म्हणून ती पावलोपावली अडखळत, उचकी लागल्यासारखी चालत होती. नव्या दारातून आम्ही आत गेलो. दोन्ही बाजूंना मानकरी ओळीनं बसलेले, सगळे गंभीर. सगळ्यांची पोटं गुरगुरत होती, मला स्पष्ट ऐकू येत होतं. मला पडद्यासमोर ठेवलं. सोहळ्याचे प्रमुख मानकरी मोठ्यानं म्हणाले, "महाराज प्रजेचं अन्न पाहतील. पाहून झाल्यावर डबा परत नेला जाईल."

कामेचा चेहरा पांढराफटक पडला. परत? कुणाच्याच ध्यानात आलं नव्हतं. चंद्र कुणी खात नाही, फुलं कुणी खात नाही. सोहळा बघायचा होता, त्यात खाणं नव्हतंच! महाराजांनी आपल्याच रिवाजात स्वतःला अडकवून घेतलं होतं. कागेनाओंनी डोळे मिटून घेतले. कामेनं माझं झाकण काढलं आणि कपाळ जमिनीला टेकवलं. मग सगळेच वाकले. महाराज अन्न बघताना वर बघायचं नाही, असा नवा नियम होता.

आणि कुणीच बघत नव्हतं, मित्रांनो. फक्त मी.

पडद्याखालून एक हात आला. बारीक, गोरा, बोटांना शाई लागलेला. त्यानं एक उंडा उचलला. मग दुसरा. मग एकेक करत बाकीचे, आणि जरा थांबून कोपऱ्यातला पुरण सांडलेला तोही. पडद्याआडून चावण्याचा आवाज येऊ लागला. चांगला मोठा आवाज हो! चिकट भात तो, गुपचूप थोडाच खाता येतो? साऱ्या दालनात तेवढा एकच आवाज. एकाही मानकऱ्यानं मान वर केली नाही. कागेनाओंचे खांदे हलत होते, पण तेही वाकलेलेच राहिले.

बऱ्याच वेळानं सोहळ्याच्या प्रमुखांनी घसा साफ केला. त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं.

"महाराजांनी अन्न नीट पाहिलं," ते म्हणाले.

कामे पुढे सरकली. मी रिकामा होतो. तिनं झाकण बसवलं, टक्. तेवढ्यात पडद्याआडून, तोंडात घास असताना बोलावं तसा आवाज आला, "उद्या पाहायला थोडे जास्त आणा. कागेनाओंनाही बरेच दिवस काही पाहायला मिळालेलं नाही."

मुलांनो, तुमच्या घरी एखादा जुना डबा असेल, तर त्याला कोरड्या फडक्यानं पुसा आणि त्याचं झाकण जपा. आणि कृपा करून त्याला कपाटात नुसता बघायला ठेवू नका. त्यात काहीतरी भरा आणि ज्याला भूक आहे त्याच्याकडे न्या.