घोडा, घोडेस्वार आणि दोषाचे वाटे

सुज्ञ मित्रांनो, एका माणसाच्या पडण्याचा दोष तिघांत कसा वाटला गेला, याचा वृत्तांत मी आज आपणांसमोर सादर करीत आहे. तो सुखाचा नाही, हे प्रारंभीच नम्रपणे नमूद करतो.

मी एक जुना घोडा आहे. दोन्हीकडे पाय फाकवून उभ्या राहणाऱ्या लाकडी शिडीला रंगारी लोक घोडा म्हणतात. माझा रंगारी मला खाली न उतरताच चालवीत असे. टोकावर बसून त्याने कमरेने हिसका दिला, की मी खडखडत पुढच्या भिंतीशी जाई. ठेकेदार खुशीत ओरडे, "वा रे माझ्या घोडेस्वारा! उतरू नकोस, उतरण्यात दिवस जातो!" त्या कौतुकाने माझाही ऊर भरून येई.

पुढे माझी एक पायरी तडकली. ठेकेदाराने तिला सुतळी गुंडाळली. "निघेल एवढं काम," तो म्हणाला. ज्या दुकानात आम्ही रंग देत होतो, तेथील दुकानदाराने फरशीवर सांडलेले तेल पुसले नव्हते. रंगाऱ्याने हिसका दिला. माझा पाय घसरला. सावरण्यासाठी त्याने पाय टेकला तो नेमका त्याच पायरीवर. सुतळी तुटली आणि त्याच्या गुडघ्याचा चुरा झाला.

शस्त्रक्रिया झाली तरच तो पुन्हा चालेल, असे डॉक्टरांनी सांगितले. म्हणून त्याने भरपाईचा दावा लावला. पुरावा म्हणून मला न्यायालयात उभे करण्यात आले.

"मी कुठं सांगितलं होतं शिडी नाचवायला?" ठेकेदाराने हात वर केले.

"भाऊजी, निदान माझ्याकडं बघून तरी बोला," रंगाऱ्याची बायको म्हणाली. "घोडेस्वार म्हणून यांची पाठ कोण थोपटायचं?"

ते कोण, हे मी जाणत होतो, पण मला वाचा नव्हती.

न्यायाधीशांनी निकाल दिला. निम्मा दोष रंगाऱ्याचा, कारण तो उतरला नाही. पाव ठेकेदाराचा, पाव दुकानदाराचा. प्रत्येकाने आपलाच वाटा भरावा, दुसऱ्याचा त्याच्यावर टाकता येणार नाही. रंगाऱ्याचा निम्मा त्याच्याच अंगावर राहिला. दुकानदार तर केव्हाच दिवाळे काढून परागंदा झाला होता. हाती आली ती पाव भरपाई. तेवढ्यात शस्त्रक्रिया होईना.

"आता पाव पायावर उभा राहू का गं?" रंगारी बायकोला म्हणाला आणि स्वतःच हसला. ती हसली नाही.

मित्रांनो, दुखणे मात्र कोणी वाटून घेतले नाही.

मला ठेकेदाराने परत नेले. त्याच पायरीला नवी सुतळी बांधली. आज माझ्या टोकावर दुसरा रंगारी बसला आहे आणि खालून आवाज येत आहे, "उतरू नकोस!" चढण्यापूर्वी पायरी हाताने दाबून पाहा, आणि कोणी कितीही वाहवा केली तरी खाली उतरा, एवढीच कळकळीची विनंती. वर बसलेल्या रंगाऱ्याला ती ऐकू जात नाही. आपण ऐकलीत, याबद्दल आभारी आहे.

आपला,
सुतळीच्या पायरीचा घोडा