बिनचकाकीचा कागद

नगरच्या कापड बाजारामागच्या गल्लीत याकोब भांबळ याचा फोटो स्टुडिओ होता आणि तिथे जिवंत माणसांसाठी एक कागद, मेलेल्यांसाठी दुसरा, असा रिवाज पडून गेला होता. तो याकोबने मुद्दाम पाडलेला नव्हता. बी.एस्सी.पर्यंत रसायनशास्त्र शिकून काही वर्षे मिशनच्या शाळेत शिकवलेल्या माणसाला असले रिवाज पाडण्याची हौस असणे शक्य नव्हते. कारण निव्वळ तांत्रिक होते. जिवंत माणूस स्वतः येतो, खुर्चीत बसतो, त्याचा चेहरा भिंगासमोर मोठा आणि स्पष्ट मिळतो. तो चकचकीत कागदावर छापायचा, ओला असतानाच पॉलिश केलेल्या पत्र्यावर दाबून वाळवायचा, की पत्र्याची तकाकी कागदावर उतरते. मेलेला माणूस येत नाही. त्याचे नातेवाईक लग्नातला किंवा पलटणीतला एखादा घोळक्याचा फोटो घेऊन येतात आणि त्यातल्या हरभऱ्याएवढ्या चेहऱ्यावर बोट ठेवून तो मोठा करून मागतात. मोठा केला की त्याचे नाक विरघळते, मिशी धुरकट होते, डोळ्यांच्या जागी दोन डाग उरतात. मग पेन्सिलीने आणि ब्रशने ते सारे पुन्हा भरावे लागते. गुळगुळीत कागदावर पेन्सिल घसरते. मॅट, म्हणजे बिनचकाकीच्या, कागदाच्या पृष्ठभागाला बारीक खरखर असते, तिथे ती धरते. गोष्ट एवढीच होती.

पण गावोगावच्या भिंतींवर हे फोटो टांगले गेले आणि लोकांनी त्यातून आपला अर्थ काढला. चकाकणारा तो हयात, न चकाकणारा तो गेलेला. पाथर्डी भागात तर एखाद्याचे दुखणे हाताबाहेर गेले की ‘त्याचा आता म्याट काढा’ असे म्हणण्यापर्यंत मजल गेली होती.

याकोबला याचे नवल वाटत नसे. मॅट या एका शब्दाचे शहरात किती धनी झाले होते हे तो पाहतच होता. लष्करी मोटारखान्यात रंगारी असलेला छगन मॅट म्हणजे लॉऱ्यांना द्यायचा हिरवट रंग समजे. उन्हात लॉरी चमकली तर विमानातून दिसते, म्हणून तो बिनचकाकीचा. मिशनमधली अमेरिकन मडम फ्रेमच्या आत फोटोभोवती बसवायच्या पुठ्ठ्याच्या चौकटीला मॅट म्हणे. जिमखान्यावर खेळपट्टीवर अंथरायचा काथ्याचा पट्टाही मॅटच. छगन एकदा म्हणाला होता, “मास्तर, माझ्या लॉऱ्या अन् तुमची मढी, दोघांना एकच रंग. साहेब म्हणतो, दिसायला नको.” याकोबने त्याला चहा पाजला होता आणि दोन्ही ठिकाणी प्रकाश विखुरतो, एवढेच खरे असल्याचे सांगितले होते.

चव्वेचाळीस साली, लढाई चालू असताना, त्याच्याकडे येणारे बहुतेक काम या दुसऱ्या कागदाचेच होते. पोरे आफ्रिकेत मेली होती, ब्रह्मदेशात मेली होती, काही तर छावणीतच तापाने गेली होती. सुरुवातीला तो प्रत्येक चेहऱ्याबद्दल काहीतरी विचारी. पुढे सोडून दिले. विचारले की बाया रडू लागत आणि काम खोळंबे. डोळे भरताना त्याचा हात आता आपोआप चाले. त्या सगळ्या पोरांचे डोळे एकमेकांसारखे दिसू लागले होते, हे त्याच्या लक्षात आले होते. त्याचे त्याला वाईट वाटत नव्हते, हेही.

त्या उन्हाळ्यात करंजीच्या घाटापलीकडच्या एका गावातून रतनबाई आणि तिचा धाकटा दीर आसाराम असे दोघे आले. रतनबाईने पदराच्या गाठीतून पलटणीचा घोळक्याचा फोटो काढला आणि मागच्या रांगेतल्या एका चेहऱ्यावर बोट ठेवले. तो तिचा नवरा, कानिफनाथ. मोठा करून द्या, म्हणाली. तिच्या कपाळावर कुंकू होते. याकोबने ते पाहिले नाही. तो फोटोकडे पाहत होता आणि त्या चेहऱ्याचा डावा कान शेजाऱ्याच्या पागोट्याआड गेल्याने नवा काढावा लागेल, असा हिशेब करत होता.

फोटो न्यायला आसाराम एकटाच आला. याकोबने कागद उजेडाकडे धरून दाखवला. आसारामने त्याच्यावरून बोट फिरवले.

“म्याट हाय,” तो म्हणाला.

“हो. याला मॅटच लागतो.”

आसारामने फोटो उपरण्यात गुंडाळला आणि काही न बोलता गेला. गिऱ्हाईक न बोलता जाते याचा अर्थ काम पसंत पडले, असा याकोबचा अनुभव होता.

पाऊस सरत आला असताना रतनबाई पुन्हा आली, या वेळी एकटी. मोटारीच्या धुराने लुगडे मळले होते. ती बाकावर बसली. कपाळ मोकळे होते, हात मोकळे होते आणि मनगटावर बांगडी फुटताना लागलेल्या काचेचा एक व्रण होता. याकोबने विचारले, काय हवे.

“तुमाला कोनी सांगितलं?” ती म्हणाली.

“काय?”

“त्यो गेला म्हनून.”

याकोबला पहिल्यांदा प्रश्नच कळला नाही. तिने मग सावकाश, जणू दुसऱ्याच कुणाची हकिगत सांगावी तशी, सगळे सांगितले. कानिफनाथ मलायात होता. तिथले शहर शत्रूच्या हाती पडले तेव्हा सरकारचा कागद आला, त्यात बेपत्ता असे होते. मेला असे नव्हते. त्यानंतर काहीच आले नाही. तिला घरात त्याचा फोटो हवा होता, कारण त्याचा चेहरा तिला आठवेनासा झाला होता. डोळे मिटले की पागोटेच तेवढे दिसे. आसाराम फोटो घेऊन आला आणि त्याने अंगणातच सांगितले, मास्तर म्हणतो याला म्याटच लागतो. नगरला पलटणीचे सगळे साहेब या मास्तरकडे फोटो काढतात, त्याला आतली बातमी असणारच. सासू खाली बसली. संध्याकाळपर्यंत भावकीतल्या बाया आल्या आणि पुढचे सगळे रीतीप्रमाणे झाले.

याकोबने ऐकून घेतले. आपल्याला धक्का बसायला हवा, असे त्याच्या मनात आले, पण तो बसला नाही. पाण्याखाली ऐकू येते तसे तिचे बोलणे त्याला ऐकू येत होते. आपण तिला एक शब्द विचारला असता तर, हे त्याने एकदा मनाशी नोंदवले. मग त्याला जे येत होते ते त्याने केले, म्हणजे समजावून सांगितले. दोन्ही कागदांवर चांदीच असते. एकावरून प्रकाश एका दिशेने परततो, दुसऱ्यावरून चहूकडे. कागदाला आत छापलेल्या माणसाची काहीही खबर नसते. साहेबांनी त्याला काहीही सांगितलेले नव्हते. तुमच्या नवऱ्याचा चेहरा लहान होता, म्हणून मॅट. मोठा असता तर चकचकीत निघाला असता.

रतनबाईने मान हलवली. तिला बहुधा अर्धेमुर्धेच कळले होते. पण जेवढे लागत होते तेवढे कळले होते.

“हे तितं येऊन सांगा,” ती म्हणाली. “माझं कोन ऐकतंय?”

जायचे तर पुरावा घेऊन, असे याकोबने ठरवले. जिवंत माणसाचा मॅट फोटो कधीच नसतो, असा त्या गावाचा सिद्धांत. तो खोडायला एकच उदाहरण पुरे होते. त्याने कॅमेऱ्यासमोर स्वतः बसून, नोकराकडून भिंगाचे झाकण उघडवून, आपला फोटो काढला आणि तो मॅट कागदावर छापला. दुसरे म्हणजे, पेन्सिल-ब्रशने भरून काढलेल्या कानिफनाथाच्या फोटोची काचेची निगेटिव्ह त्याच्याकडे होती, तिच्यावरून चकचकीत कागदावर एक प्रत काढून पत्र्यावर तकतकीत वाळवली.

त्याची बायको मार्था हिने टेबलावर पडलेला नवऱ्याचा मॅट फोटो पाहिला. ती नगरचीच, तिला रिवाज पाठ होता. “अहो, आधीच करून ठेवलात होय?” ती म्हणाली. “बरं केलंत. मागाहून माझी धावपळ नको.” आणि तो रविवारी मिशनच्या देवळात न जाता पाथर्डीच्या मोटारीने जाणार आहे हे कळल्यावर तिने एवढेच म्हटले, की देवळात बसूनही तुम्ही छतच बघता, तेव्हा घाट बघा.

मोटार कोळशाच्या गॅसवर चालणारी होती. घाटात उतारूंना खाली उतरून चालावे लागले. रानात बाजरी उभी होती आणि विरळ होती.

आसारामच्या घरासमोर माणसे जमली, तरी घरच्या तिघांखेरीज बोलणारा एक सहादेव म्हणून भावकीतला म्हाताराच होता. कानिफनाथची आई साळूबाई उंबऱ्याला टेकून बसली. आत भिंतीवर फोटो होता, त्याला झेंडूची सुकलेली माळ होती. याकोबने भरलेले डोळे तिथून अंगणात बघत होते. ते त्याला ओळखीचे वाटले, कारण ते सगळ्यांचेच होते.

त्याने शाळेत सांगावे तसे सांगितले. मग आपला फोटो काढून सहादेवच्या हातात दिला. सहादेवने त्याच्यावरून अंगठा फिरवला, याकोबकडे पाहिले, पुन्हा फोटोकडे पाहिले आणि तो पुढे दिला. फोटो हातोहात फिरला. कुणीतरी दबक्या आवाजात विचारले, मास्तरची प्रकृती कशी असते. दुसरा म्हणाला, माणूस वाळलेला दिसतोच.

“मी जिवंत आहे,” याकोब म्हणाला, “आणि हा मॅट आहे. म्हणजे कागदावरून काही ठरत नाही.”

सहादेवने विचार केला. “तुमा किरिस्तावांचं निराळं असंल,” तो म्हणाला. त्याच्या आवाजात कुचेष्टा नव्हती. त्याला एक अपवाद सापडला होता आणि तो त्याने नीट जागी ठेवला होता.

याकोबने पिशवीतून चकचकीत प्रत काढली. तोच माणूस, तीच मिशी, तोच खोटा कान. उन्हात कागद लखलखला. आसारामने तो घेतला नाही. तो मातीकडे बघत म्हणाला, “मास्तर, मला का कळत न्हाई व्हय? कागुद हाय त्यो. पर रोज वेशीत माणसं इचारत्यात, आला का तुजा भाऊ. काय सांगावं? तुमी म्हनला म्याटच लागतो. मला वाटलं, चला, कोनीतरी बोललं.”

साळूबाईने पदराच्या टोकाची गाठ सोडली आणि पुन्हा बांधली. “माझंबी तसंच हुतं बाबा,” ती म्हणाली. “रडून घितलं. मोकळं वाटलं. आता पुन्ना वाट बघायला सांगतोस का?”

याकोबला तेव्हा कळले, की तो ज्या चुकीचे खंडन करायला आला होता ती या अंगणात कुणी केलेलीच नव्हती. यांना कागदाने फसवले नव्हते. यांनी कागदाचा आधार घेतला होता. प्रकाश कसा विखुरतो हे सांगून त्यावर काहीही परिणाम होणार नव्हता. त्याने आपला फोटो परत मागून पिशवीत टाकला.

रतनबाई इतका वेळ भिंतीशी उभी होती. ती पुढे आली.

“मास्तर, येक सांगा. तुमाला काय वाटतं, त्यो हाय का गेला?”

अंगणातली सगळी माणसे त्याच्याकडे बघू लागली. तिला ‘आहे’ हवे होते असे त्याला वाटले. आणि सासूला व दिराला दुसरे. दोन्ही देता आले असते. त्याच्या शब्दावर या घराने एकदा बांगड्या फोडल्या होत्या, तेव्हा त्याच्या शब्दावर भरल्याही असत्या.

“मला ठाऊक नाही,” तो म्हणाला.

“सायबांला?”

“त्यांनाही ठाऊक नाही. त्यांना ठाऊक असतं तर त्यांनी बेपत्ता लिहिलं नसतं.”

“म्हंजी कोनालाच ठावं न्हाई.”

“कोणालाच नाही.”

रतनबाई सासूकडे वळली, पण बोलली सगळ्यांना ऐकू जाईल असे.

“ज्ये कोनालाच ठावं न्हाई, त्येच्यापायी मी कपाळ उघडं ठिवनार न्हाई. कुकू आजच लावते. बाजार बुधवारी हाय, बांगड्या तवा भरीन. तुमी रडलाय त्ये रडलाय, आत्याबाई, त्ये काय मी माघारी मागत न्हाई.”

“लोक काय म्हनतील?” आसाराम म्हणाला.

“वेशीत इचारलं तर सांगा, वैनीला इचारा.”

सहादेव उठला आणि धोतर झटकून आपल्या घराकडे गेला. त्याच्यामागून इतरही गेले. साळूबाई उंबऱ्यावरच होती. सून शेजारून आत जाताना तिने पाय बाजूला घेतले, एवढेच. आतून कुंकवाची डबी उघडल्याचा आवाज आला.

आसारामने याकोबला गुळाचा चहा आणून दिला आणि मोटार येईपर्यंत बसा म्हणाला. याकोब बसला. चकचकीत प्रत अजून त्याच्या मांडीवर होती. ती कुणाला द्यावी हे त्याला कळेना, म्हणून त्याने ती साळूबाईशेजारी उंबऱ्यावर ठेवली. तिने बराच वेळ तिकडे पाहिले नाही. मग न बघताच ती हातात घेतली आणि तिच्यावरून परतणारी उन्हाची तिरीप डोळ्यांत जाऊ नये म्हणून पदराखाली धरली.