उच्चारकाचा पाय

मास्तरांचा उजवा पाय जन्मात कधी स्वस्थ बसला नव्हता. जेवताना हलायचा, पेपर वाचताना हलायचा, झोपेतसुद्धा त्याच्यामुळे पलंग कुरकुरायचा. बायको म्हणायची, "या पायाला शिवणाचं मशीन जोडलं असतं, तर आपण कधीच वर आलो असतो!"

आज मात्र त्याच पायाने मास्तरांच्या तोंडचं पाणी पळवलं होतं. दुर्मिळ इंग्रजी शब्दांच्या या स्पर्धेत ते दरवर्षी उच्चारक असत. त्यांनी शब्द दोनदा स्वच्छ म्हणायचा. स्पर्धकाने तो तसाच म्हणून घंटेच्या आत अर्थ सांगायचा. माइक सोडला की बाद. उच्चारकाने मात्र हूं की चूं करायचं नाही, भुवईसुद्धा उचलायची नाही. यंदा स्पर्धकांत त्यांची स्वतःची लेक होती. मास्तर बाजूला व्हायला तयार होते, पण संयोजक बाईंनी ते उडवून लावलं. "चिठ्ठी मी काढणार, तुम्ही नुसती वाचणार. कोण नावं ठेवतंय?"

नावं ठेवणारे ठेवतातच, हे मास्तरांना पक्कं ठाऊक होतं. पोरीने रात्रीचा दिवस करून शब्दकोश उपसले होते, शेवटच्या फेरीपर्यंत आली होती. बापाने खूण केली असं कुणी नुसतं म्हटलं, तरी त्या सगळ्या कष्टांवर बोळा फिरणार होता.

लेक माइकपाशी आली. बाईंनी चिठ्ठी काढून दिली. मास्तरांनी ती उलगडली.

"ॲकथीझिया," ते म्हणाले. "ॲकथीझिया."

म्हणजे एका जागी स्वस्थ बसवतच नाही, अशी अवस्था. आणि इथे टेबलाखाली, भरल्या सभागृहादेखत, त्यांचा पाय थडथडत होता! त्यांनी दोन्ही हातांनी गुडघा गच्च दाबला. पाय थांबला. मास्तरांनी श्वासही रोखून धरला.

"ॲकथीझिया," लेक म्हणाली. अर्थ तिला येत होता, ओठ उघडलेच होते. सवयीने तिची नजर टेबलाखाली गेली आणि तिथेच अडकली. बाबांचा पाय थांबलेला तिने एकदाच पाहिला होता. मागच्या वर्षी, स्वयंपाकघराच्या फरशीवर, ॲम्ब्युलन्स येईपर्यंत.

"बाबा?"

मास्तर ढिम्म. हलणार कसे?

"बाबा, काय होतंय?" ती माइक सोडून धावत आली, त्यांचं मनगट धरलं. "छातीत दुखतंय का? बोला ना!"

"अगं, काही नाही झालं मला. नुसता बसलो होतो."

"नुसते? तुम्ही?" तिला रडूच फुटलं. "कधी बसता हो तुम्ही नुसते?"

घंटा वाजली. सभागृहात कुजबुज सुरू झाली. बाईंनी खाली मान घातली, कारण निकाल उच्चारकानेच सांगायचा असतो. मास्तरांना स्वतःचा भयंकर राग आला.

"स्पर्धक बाद," ते शेवटी म्हणाले.

लेकीने ते ऐकलंही नाही. ती त्यांची नाडी मोजत होती.