विमलाबाईंचा सोनमासा

ओळखलंत? मी करडीच्या शाळेतला पडदा. सुती, पांढराशुभ्र, दोन माणसं उंच.

आंधळगावच्या टेकचंदभाऊंच्या मागावर मी विणला गेलो. शिवणकाम करणाऱ्या शोभाताईंनी तीन पट्टे जोडून मला शिवलं. "एवढं मोठं पांघरूण कोणाले पायजे जी?" त्या हसल्या. पांघरूण कसलं! शाळेतल्या प्रतीक्षा मॅडमना मुलांना सिनेमा दाखवायचा होता.

सोनमाशाच्या पाठीवर बसून राजकन्या हरवलेल्या आईला शोधायला पाण्याखालच्या नगरात जाते, ती गोष्ट. वाचून वाचून मुलांनी पुस्तकाच्या चिंध्या केल्या होत्या. आता तिचा सिनेमा आला होता. मुलं महिनाभर दिवस मोजत होती.

भर दुपारी धानाच्या रिकाम्या गोदामात मला टांगलं, दारं लोटली. आणि माझ्या अंगावर काय काय उतरलं! पोवळ्यांचे राजवाडे, निळ्या शिंपल्यांचे दिवे, डोंगराएवढा सोनमासा. जन्माचा पांढरा मी, रंगांत नुसता न्हालो.

राजकन्येनं आईला हाक मारायला तोंड उघडलं आणि आवाजच गेला. मॅडमनी तारा हलवून पाहिल्या. काही उपयोग नाही.

"मॅडम, आवाज काहून येऊन नाही राहिला?"

मॅडमचा चेहरा उतरला. लहानगी मुलं मुसमुसायला लागली, मोठी दाराकडे निघाली.

तेवढ्यात शाळेत खिचडी शिजवणाऱ्या विमलाबाई पदर खोचून उठल्या. त्यांना अक्षर येत नव्हतं, गोष्टही ठाऊक नव्हती. "बसा रे सारे! ते पोट्टी काय बोलून राहिली, मी सांगतो."

माझ्याजवळ येऊन त्यांनी सुरुवात केली. "ते म्हणते, माय वो, कोठी गेली तू? मासा म्हणते, घट्ट धर पोरी, घसरशीन!" राजवाडा दिसताच म्हणाल्या, "बापा! एवढं घर सारवते कोण?" गोदाम हसून दणाणलं.

मध्येच आवाज परतला. मुलं एका सुरात ओरडली, "बंद करा! विमलाबाईलेच सांगू द्या!" मॅडमनी हसत तार उपटली.

शेवटी मायलेकी भेटल्या. विमलाबाई हळूच म्हणाल्या, "माय म्हणते, जेवली का वो?"

मॅडम डोळे पुसत होत्या.

आता शाळेत मोठा टीव्ही आलाय. मी कपाटात घडी होऊन असतो, दोन ठिगळं लागलीत. तक्रार नाही. एकच मागणं आहे. वर्षातून एकदा मला टांगा, आवाजाची तार काढून ठेवा आणि विमलाबाईंना बोलवा.