गोणपाटाखालची कवटी

मित्रांनो, मी एक जुना कॅन आहे. पाच लिटरचा, पांढरा, निळ्या झाकणाचा, आणि पोटाला तीन भोकं. हसू नका! या भोकांचा मला भारी अभिमान आहे. का, ते ऐका.

कारखान्यात माझ्या पोटात कीटकनाशक भरलं आणि अंगावर कागद चिकटवला. त्यावर कवटी आणि तिच्याखाली लाल त्रिकोण. लाल म्हणजे सगळ्यांत जहाल! यावलच्या दुकानात पिवळ्या, निळ्या, हिरव्या त्रिकोणांचे कॅन माझ्या शेजारी असायचे. पण तोरा माझाच.

जीवरामभाऊंनी मला विकत घेतलं. माणूस मोठा नेटका. हातमोजे घालून, तोंडाला फडकं बांधून फवारणी करायचे. मी रिकामा झालो तेव्हा त्यांनी मला तीनदा विसळलं आणि ते पाणीही फवारणीच्या पंपातच ओतलं. आता कुणी मला पुन्हा वापरू नये म्हणून फक्त भोकं पाडायची राहिली होती. तेवढ्यात विहिरीवरची मोटर बंद पडली, ते तिकडे धावले आणि मी बांधावर तसाच राहिलो.

दुसऱ्या दिवशी शेतात भरिताची पार्टी होती. भाऊंची बायको बेबाबाई हिनं मला पाहिलं. "एवढा चांगला कॅन, कायले फेकायचा?" म्हणत तिनं मला राखेनं खसाखसा घासलं. नाक लावून वास घेतला. वास नव्हता. मग आपल्याकडे शेतात पाणी गार राहावं म्हणून करतात तसं ओलं गोणपाट माझ्याभोवती गुंडाळून सुतळीनं बांधलं आणि पिण्याचं पाणी भरलं. कवटी झाकली गेली! विष माझ्या प्लास्टिकमध्ये मुरलेलं होतं, ते राखेनं कुठलं जाणार? अगं बाई, नको, नको, असं मी जिवाच्या आकांतानं ओरडत होतो. पण कॅनचं कोण ऐकतं!

भरीत झणझणीत झालं होतं. भाऊंची सात वर्षांची मोहिनी सगळ्यांच्या आधी हाशहुश करत माझ्याकडे धावली. तिनं गिलास भरला, ओठांपर्यंत नेला. आयुष्यात मी इतका कधी घाबरलो नव्हतो.

"मोहिनी, फेक तो गिलास!"

भाऊंनी माझं निळं झाकण ओळखलं होतं. धावत येऊन त्यांनी गिलास हिसकावला.

"आवो, मी घासला ना त्याले राखीनं!" बेबाबाई म्हणाली.

भाऊंनी गोणपाट ओढून काढलं. "वास गेला, पन इख तठीच आहे. कालच भोकं पाडाले पाहिजे होती मी."

बेबाबाईनं कवटीकडे पाहिलं, मग पोरीकडे. मोहिनीला घट्ट पोटाशी धरून ती रडली. मग डोळे पुसून तिनं नवऱ्याचे हातमोजे चढवले. "द्या ती पहार इकडे," म्हणाली आणि मला दणादण तीन घाव घातले. खरं सांगू? मला फार हलकं वाटलं.

आता मी कुलपाच्या खोलीत, भोकं पडलेल्या माझ्या भाऊबंदांबरोबर, असे रिकामे कॅन गोळा करून नेणाऱ्या गाडीची वाट पाहतोय. मित्रांनो, असा कॅन दिसला तर हात लावू नका, मोठ्यांना बोलवा. त्याला जाळू नका, नदी-नाल्यात टाकू नका. आणि कितीही स्वच्छ दिसला तरी त्यात पाणी, तेल, काही म्हणता काही भरू देऊ नका. बाकीच्या जुन्या वस्तू म्हणतील, आम्हाला जपा. मी तसं म्हणणार नाही. तुम्ही मोहिनीला जपा. मला फोडा.