पाण्याच्या दिवशी अडणारी गाडी

मी एक जुना प्रेशर सेन्सर आहे. हसू नका, मित्रांनो! आत्मवृत्त म्हटलं की तुम्हाला फाटकं पुस्तक किंवा मोडकी छत्री आठवते, हे मला ठाऊक आहे. पण अंगठ्याएवढ्या सेन्सरलाही आयुष्य असतं, आणि माझं तर अख्ख्या अक्कलकोट रोड एमआयडीसीत गाजलं.

माझा जन्म एका कारखान्यात झाला. तिथे माझ्यासारखी भावंडं ताशी शेकड्यांनी जन्मत. पाळण्यातच आमची परीक्षा! माझ्या तोंडाशी तेलाचा दाब दिला, मी आकडा बरोबर सांगितला, लगेच पाठीवर शिक्का बसला. पुढे एका पांढऱ्या गाडीच्या गिअरबॉक्सला मला बाहेरून पिळून बसवलं.

ती गाडी सीव्हीटी जातीची होती, म्हणजे तिच्यात नेहमीसारखे एकामागून एक बदलायचे गिअर नव्हते. दोन पुली आणि त्यांवरून फिरणारा एक पोलादी पट्टा. पुली आवळल्या किंवा सैल झाल्या की गाडीची चाल बदलते. पुली आवळायचं काम तेल करतं, स्वतःच्या दाबाने. तो दाब किती आहे, हे गाडीच्या कंप्युटरला सांगणं एवढंच माझं काम. त्यासाठी मला तीन तारा. एक मला वीज देते, दुसरी अर्थिंगची आणि तिसरीतून माझा निरोप जातो.

दाब कमी आहे असा निरोप पोचला की कंप्युटर जाम घाबरतो. पट्टा घसरून खराब होऊ नये म्हणून तो गाडीचे पायच बांधतो. मग ॲक्सिलरेटर कितीही दाबा, गाडी आपली रडत-रखडत चालते.

आमच्या गाडीचे मालक ईश्वरप्पा, टॉवेलच्या कारखान्याचे. ते मागच्या सीटवर बसायचे. गाडी चालवायचे कुंडलिकमामा, मूळचे करमाळ्याकडचे. मामांचा पाय इतका हलका की माझा आकडा सहसा झरकन उडायचा नाही. मालक खूश असले की त्यांच्या तोंडून कानडी निघायचं, "नोडू, बघ! पोटातलं पाणी हलत नाही!" ही शाबासकी मामांची. सेन्सरला कोण शाबासकी देतो? आम्ही नीट चालतो तोवर आम्ही आहोत हेसुद्धा कुणाला माहीत नसतं. अशी सात वर्षं गेली. माझी काही तक्रार नव्हती.

गेल्या दिवाळीनंतरच्या एका मंगळवारी सकाळी मामांनी गाडी काढली आणि समोर पिवळा दिवा लागला. एमआयडीसीच्या रस्त्याला लागेपर्यंत गाडीने मान टाकली. मामा ॲक्सिलरेटर दाबतायत, इंजिन ओरडतंय आणि गाडी पुढे जायला तयार नाही. कामावर निघालेले सायकलवाले घंटी वाजवत आम्हाला मागे टाकून गेले. एक जण तर ओरडला, "मामा, ढकलू का?"

मालकांची कुणा व्यापाऱ्याशी भेट होती, ती हुकली. आणि दुपारी? गाडी एकदम गुणी बाळ! जणू काही झालंच नव्हतं.

त्याच दिवशी एका मोठ्या गॅरेजमध्ये गाडी नेली. तिथल्या मेकॅनिकने स्कॅनर लावला. पडद्यावर तेलाचा दाब कमी असल्याची खूण आली. त्याने पुढे काही तपासलं नाही. "सेन्सर गेला," म्हणाला. मी गेलो नव्हतो, मित्रांनो, मी तिथेच होतो! पण मला काढलं आणि माझ्या जागी नवा बसवला. मला टाकून देणार तेवढ्यात कुंडलिकमामा म्हणाले, "जुना हिकडं द्या की." जुना भाग मागून घ्यायचा, ही त्यांची सवय. त्यांनी मला पुसून शर्टाच्या खिशात ठेवलं. त्यापुढचं मी जे पाहिलं-ऐकलं ते त्या खिशातूनच.

शनिवारी पुन्हा दिवा लागला. पुन्हा तीच रडारड.

आता त्या मेकॅनिकची पंचाईत झाली. तो मालकांना म्हणाला, "सेन्सर तर नवा आहे. म्हणजे दाब खरंच कमी आहे. गिअरबॉक्स गेला, साहेब. ड्रायव्हरने रेस देऊन देऊन ओढली असणार."

बुधवारी तिसऱ्यांदा गाडी अडली, नेमकी एमआयडीसीतल्या चहाच्या टपरीसमोर. शिफ्ट बदलायची वेळ. पन्नासएक कामगार हातात ग्लास घेऊन उभे. मालक खाली उतरले आणि सगळ्यांसमोर कडाडले, "सात वर्षं विश्वास टाकला, आणि ह्यानं माझा गिअरबॉक्स खाल्ला! किल्ली ठेव आणि चालायला लाग!"

मामांनी किल्ली बॉनेटवर ठेवली. चालायला लागले.

संध्याकाळपर्यंत ही बातमी शेडशेडमध्ये पोचली. दुसऱ्या दिवशी मामा शेजारच्या कारखान्यात काम मागायला गेले. तिथले मालक गोड हसले. "मामा, आमची गाडी नवी आहे हो. बघू नंतर." तिसरीकडे वॉचमननेच सांगितलं, "गिअरबॉक्स खाणारे तुमीच व्हय?" ड्रायव्हरची अडचण ही की त्याच्याजवळ दाखवायला दुसरं काही नसतं. हात चांगला आहे हे लोकांच्या तोंडी असावं लागतं. मामांचं तेच गेलं होतं.

तिथून मामा दानेश्वरीताईंच्या दुकानात आले. ताई गाड्यांच्या वायरिंगचं काम करतात. दुकान म्हणजे एक टेबल, एक स्टूल आणि भिंतभर वायरी. मामांनी मला टेबलावर ठेवलं.

"ताई, ह्यो खरंच गेलाय का, तेवढं बघा."

ताईंनी मला वीज दिली आणि हातपंपाने हळूहळू दाब वाढवला. मीटरचे दोन काटे माझ्या तारांना लावले. खूप दिवसांनी कुणीतरी मला प्रश्न विचारत होतं! मी प्रत्येक वेळी बरोबर उत्तर दिलं.

"मामा, हा ठणठणीत आहे की!"

"मग काढला कशाला?"

"ते काढणाऱ्याला विचारा. बरं, नवा बसवल्यावरही तेच होतंय ना? जुना चांगला. नवाही चांगलाच असणार. दोघं मिळून एकच थाप कशी मारतील? निरोप वाटेत बिघडत असेल, नाहीतर गिअरबॉक्स खरंच गेला असेल."

मामांचा चेहरा उतरला. "गेला असंल, ताई?"

"गाडी बघितल्याशिवाय मी काय बी बोलणार नाही. आधी सांगा, गाडी अडते कधी?"

मामा त्यांच्याकडे बघतच राहिले. "हे मला पयल्यांदा कुणी इचारलं बगा. गॅरेजवाल्यानं सगळं मालकाला इचारलं, मालक तर मागं बसून पेपर वाचतो."

"मग सांगा की."

"सकाळी. दुपारी इंजान तापलं की गप. पयल्यांदा मंगळवारी झालं. मग शनवारी. मग ह्या बुधवारी."

ताईंनी बोटं मोजली. "दर चौथ्या दिवशी? गाडी काय उपास करती का काय?" मग त्या एकदम थांबल्या. "मामा, मालकांच्या गल्लीत नळाला पाणी कधी येतं?"

"मंगळवारी आलतं. मग शनवारी..." मामा बोलता बोलता अडखळले. "ताई! पाणी येतं त्याच दिवशी मी गाडी धुतो. पायपानं. बाकीच्या दिवशी नुसतं फडकं मारतो."

आता पाणी रविवारी येणार होतं. ताई म्हणाल्या, "रविवारी मी येते."

रविवारी सकाळी मालक अंगणातच उभे होते. मामांना बघून त्यांनी तोंड फिरवलं. "उद्या गिअरबॉक्स बदलायला गाडी चाललीय. आज हा काय तमाशा?"

"उद्या जाऊ दे की, अप्पा," ताई म्हणाल्या. "आज अर्धा तास द्या. गिअरबॉक्स गेला असेल तर मामांना मी स्वतः तसं तोंडावर सांगीन."

हे ऐकून खिशात मलाही धास्ती वाटली. कारण, मित्रांनो, ते मला तरी कुठे माहीत होतं? मी गिअरबॉक्सपासून बारा दिवस लांब होतो.

ताईंनी मामांना गाडी नेहमीसारखी धुवायला लावली. मग मला बॉनेटच्या कडेला फडक्यावर ठेवलं. गिअरबॉक्सला दाब मोजायचं एक छिद्र असतं, तिथे त्यांनी घड्याळासारखा गोल काट्याचा गेज जोडला. ह्या गेजला वीज लागत नाही आणि वायरही लागत नाही, तेल ढकलेल तेवढा काटा फिरतो. दुसऱ्या हातात स्कॅनर. गाडी चालू केली. पिवळा दिवा लागला.

"बघा!" मालक म्हणाले.

"बघा," ताईही म्हणाल्या. "स्कॅनर म्हणतो दाब नाही. आणि हा काटा बघा. पाहिजे तिथं आहे. रेस द्या, मामा. वाढला? सोडा. उतरला? तुमचा गिअरबॉक्स एकदम तब्येतीत आहे, अप्पा."

मामांनी डोळे मिटून घेतले. पाय मात्र ॲक्सिलरेटरवर तसाच हलका होता.

ताईंनी गाडी बंद केली आणि नव्या सेन्सरचा प्लग उपसला. वायरीच्या बाजूच्या प्लगचं रबर एका कडेने उचकटलेलं होतं. त्यांनी चिमट्याने आतून काहीतरी ओढलं. ओला, दाबून बसलेला, चिंचोक्याएवढा बोळा. त्याच्या मागे तांब्याच्या पिना कळकून हिरव्या पडल्या होत्या.

"हे पाणी धरून बसतं. ओलं झालं की तिसऱ्या तारेतली वीज अर्थिंगकडं झिरपते. सेन्सर सांगतो दाब पुरेसा, आणि कंप्युटरला ऐकू येतं कमी. दुपारी वाळलं की सगळं ठीक."

मालकांनी तो बोळा हातावर घेतला. सूत तपासायची त्यांची सवय, चिमटीत धरून उलगडला. वर निळे तंतू होते, मध्ये पोपटी, अगदी खाली केशरी.

"निळं यंदाचं," मालक पुटपुटले. "पोपटी दोन वर्षांमागचं. हे केशरी तर... हे माझ्याच शेडचं सूत आहे."

"इतक्या आत आपोआप जात नाही, अप्पा. जोरात हवा मारल्याशिवाय नाही."

मामा पायांकडे बघत उभे राहिले. हवा कुणी मारली हे त्यांना माहीत होतं, मलाही होतं. दर खंडेनवमीला कारखान्यात टॉवेल विणायचे लूम थांबतात, कॉम्प्रेसरच्या हवेने त्यांच्यावरचा सुताचा कचरा उडवतात आणि मग झेंडूच्या माळा घालतात. त्या रांगेत गाडीही पूजेला उभी असते, बॉनेट उघडून. तिच्यात हवा मारायचा मान मालकांचा. वर्षानुवर्षं तोच पाइप, तीच सुताने भरलेली हवा, तीही थेट आमच्या वायरींवर. मामा दर वर्षी फडकं पुढे करायचे, आणि मालक म्हणायचे, "लूमला चालतं ते गाडीला चालत नाही होय?"

"हवा मीच मारतो," मालक शेवटी म्हणाले.

ताईंनी पिना घासून पुसल्या, प्लगला नवं रबर घातलं. मामांनी गाडीवर पुन्हा पाइप सोडला. दिवा लागला नाही. स्कॅनर आणि काटा एकच बोलले.

मालकांनी किल्ली मामांसमोर धरली. "झालं ते झालं, कुंडलिक. उद्यापासून ये."

मामांनी हात पुढे केला नाही. "येतो की, मालक. पण जितं बोलला तितं सांगा."

"म्हणजे? टपरीवर?"

"व्हय. शिफ्ट बदलताना. पन्नास माणसं हुती."

"अरे, मी तुला इथं सांगतोय ना, चूक माझी म्हणून!"

"मला म्हायतीच हाय. त्यांस्नी न्हाय."

मालक लाल झाले. किल्ली घेऊन घरात गेले.

सोमवारी सकाळी मामा टपरीवर एका कडेला उभे होते. मी खिशात. त्यांचा जीव इतका धडधडत होता की तो दाब मोजायची माझी फार इच्छा झाली. भोंगा झाला. कामगार आले, चहा झाला, ग्लास परत ठेवायला लागले. मालक काही दिसेनात.

मग पांढरी गाडी आली. चालवत होते स्वतः मालक! गाडी तिरकी लावली, अर्धी रस्त्यावर. खाली उतरले, घसा साफ केला.

"ऐका रे. बुधवारी मी इथं कुंडलिकला बोललो. ते चुकीचं होतं. गिअरबॉक्सला काही झालेलं नाही. खंडेनवमीला मीच हवा मारून वायरीत सूत भरलं. ह्याचा काडीचा दोष नाही."

मग मागून कुणीतरी विचारलं, "मग गिअरबॉक्स खाल्ला कुणी, मालक?"

"कुणी नाही रे! आपल्याच टॉवेलनं पाणी पिलं!"

केवढा हशा पिकला! मालकही हसले, जरा उशिरा. कुंडलिकमामा पुढे आले, किल्ली घेतली आणि आधी ती तिरकी गाडी सरळ लावली.

मित्रांनो, गाडीत आता नवा सेन्सर आहे आणि तो काम नीट करतो. मला परत बसवलं नाही. मी ताईंच्या टेबलाच्या खणात असतो, कधी कुणाला लागलो तर. त्यांनी माझ्यावर कागदाची पट्टी चिकटवून लिहिलंय, 'चांगला आहे'. माझं तेवढ्यावर भागतं.

तुमच्या घरी गाडी असेल तर तिच्या वायरींवर हवेचा पाइप धरू नका, कोरड्या फडक्याने पुसा. ती बिघडली तर ती रोज चालवणाऱ्याला आधी विचारा. आणि कधी चारचौघांत कुणाला वाईट म्हणालात आणि ते खोटं निघालं, तर त्याच चौघांपुढे जा. माणसावर पट्टी चिकटवता येत नाही.