उसनं कातडं

तंबूतल्या शांततेत पातेल्यावरचं झाकण खणकन पडलं. आई गेलेलं कोकरू लटपटत त्यावर आपटलं होतं. बाटलीला ते तोंडच लावेना, आणि उद्या कळप पुढच्या पाण्याकडे निघणार. उपाशीपोटी ते चालणार कसं? सुनेचा जीव तुटत होता.

"नुसती बघत काय बसलीस?" सासरे म्हणाले. "काल त्या मेंढीचं पिल्लू मेलं ना, त्याचं कातडं चढव याला. वासाने ती याला आपलंच समजेल."

तिने कातडं कोकराच्या पाठीवर बांधलं आणि त्याला त्या मेंढीपुढे ढकललं. मेंढीने हुंगलं, मान फिरवली, पुन्हा हुंगलं. मग पाय फाकून मुकाट्याने उभी राहिली. कोकरू शेपूट नाचवत लुचू लागलं.

"फसली म्हातारी! आता उद्या चालतोय पठ्ठ्या," सासरे हसले.

सुनेच्या लेकीने तिचा हात ओढला. "आई, ती खरंच फसली, की कळूनही पाजतेय?"